कार्डावरचा परका खर्च : तीन दिवसांचा हिशेब

कर्नाळ्याच्या शेतकरी बंधूंनो, फवारणीचा पंप ऑनलाइन मागवला अन् पुढे कार्डावर भलताच खर्च पडला, तर गप्प बसू नका. आधी घरात विचारा. कधी दुकानाचे नाव संदेशात वेगळे येते. खर्च आपला नसेल तर कार्ड लगेच बंद करा, बँकेत तक्रार द्या, १९३० ला फोन लावा.

रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ ला नियम घातला, डिसेंबरात तो सहकारी बँकांनाही लावला. चूक ना तुमची ना बँकेची, अशा चोरीत संदेश आल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवले, तर ग्राहकावर बोजा नाही. मात्र ओटीपी स्वतःच सांगितला, तर कळवेपर्यंतचे नुकसान तुमच्याच अंगावर. ग्रामपंचायतींनी हे फलकावर लिहावे. तक्रारीचा नंबर जपून ठेवा. पुढे तोच कामी येतो.