‘दुर्लक्ष कर’ म्हणणं सोपंय!

विसर्जन मिरवणुकीत डीजेच्या भिंतीसमोर दोन-तीन तास नाचून घरी आलं की कानात ‘कुंईऽऽ’ असा आवाज येत राहतो. आपण झोपतो, सकाळी तो गेलेला असतो. विषय संपला! पण काहींचा तो संपतच नाही. लेक्चरला, परीक्षेत, रात्री लाइट बंद केल्यावरही वाजतच राहतो. यालाच टिनिटस म्हणतात.

मोठ्या आवाजाने कानाच्या आतल्या केसांसारख्या नाजूक पेशी मेल्या, तर त्या परत येत नाहीत. कानाकडून येणारा सिग्नल कमी झाला की मेंदू स्वतःच व्हॉल्यूम वाढवतो, असं मानलं जातं. म्हणजे बाहेर काही वाजत नसलं, तरी ऐकणाऱ्यासाठी तो आवाज खराच असतो.

पण प्लास्टर नाही, ताप नाही, रिपोर्टही कित्येकदा नॉर्मल. मग मित्र म्हणतात, ‘अरे, दुर्लक्ष कर ना!’ घरचे म्हणतात, ‘मोबाइल कमी कर.’ इकडे झोप उडालेली, चिडचिड वाढलेली, अभ्यासात लक्ष नाही. त्यात आवाजाची धास्ती घेतली की मेंदू त्याच्याकडेच कान लावून बसतो आणि तो आणखी मोठा वाटतो. खरंतर उपचारातही दुर्लक्ष करायलाच शिकवतात. पण ते कुणी सांगितलं म्हणून जमत नाही, हळूहळू शिकावं लागतं. सीबीटी या समुपदेशन पद्धतीने त्रास कमी व्हायला मदत होते. रात्री पंख्याचा हलका आवाज असला तरी अनेकांना बरं वाटतं. मात्र अचानक एका कानाने ऐकू येईनासं झालं, तर थांबू नका, लगेच ईएनटी डॉक्टर गाठा.

आणि ज्यांचे कान अजून ठीक आहेत त्यांचं काय? जागतिक आरोग्य संघटनेच्या मते 80 डेसिबलचा आवाज आठवड्याला 40 तासांपर्यंत चालतो. आवाज वाढला की ही वेळ झपाट्याने कमी होते. जानेवारी 2025मध्ये नवी मुंबईत कोल्डप्लेला डोक्यावर घेतलंत ना? त्यांचा ख्रिस मार्टिन टिनिटससोबतच जगतो आणि कान जपायला इअरप्लग वापरतो. मग आपल्या ढोलपथकात कुणी कानात बोळे घातले तर हसायचं कशाला?

एखादी मैत्रीण ‘इथे नको, फार आवाज आहे’ म्हणाली तर तिला बोअर ठरवू नका. कॅफे बदला. तिच्या कानातला आवाज तुम्हाला बंद करता येणार नाही. पण निदान तिला तो एकटीने सोसावा लागणार नाही.