सिंहांच्या पायाखालची पट्टी

राजमुद्रा म्हटले की सिंहच डोळ्यांपुढे येतात. २०२२ मध्ये नव्या संसद भवनावर ती बसवली गेली, तेव्हाचा वादही सिंह शांत दिसतात की उग्र, एवढ्यावरच रंगला. आमच्या मते या मुद्रेचा अर्थ सिंहांच्या पायाखालच्या पट्टीत आहे आणि तो उमगायला चंद्रपूरइतकी चांगली जागा नाही. इथल्या जटपुरा दरवाजावर गोंड राजांचे चिन्ह कोरले आहे: शार्दूल चवताळलेला, त्याच्या पंजाखाली हत्ती दबलेला. बलाढ्यालाही नमवते ती सत्ता, असे तो दगड उघड सांगतो. राजमुद्रा जिच्यावरून घेतली त्या सारनाथच्या अशोकस्तंभाच्या पट्टीवरही सिंह आणि हत्ती हे दोन प्राणी आहेत, पण तिथे हत्ती, घोडा, बैल आणि सिंह मधल्या चक्रांसह एकामागून एक चालतात. कुणी कुणाच्या पायाखाली नाही. २६ जानेवारी १९५० रोजी स्वीकारलेल्या राजमुद्रेच्या चित्रात मात्र समोरून बैल आणि घोडाच दिसतात, हत्ती मागे पडतो.

हा अर्थ ओढूनताणून काढलेला नाही. नागभीड तालुक्यातल्या देवटेकच्या शिळेवर ब्राह्मी लिपीत प्राणी पकडण्यास आणि मारण्यास मनाई करणारी आज्ञा आहे. वा. वि. मिराशी यांनी ती अशोककालीन मानली. तिच्यातले चिकंबरी हे गाव म्हणजे शेजारचे चिकमारा. पुढे वाकाटक रुद्रसेनाने त्याच शिळेवर आपल्या धर्मस्थानाचा लेख कोरला. सारनाथच्या स्तंभामागचा विचार झाडीपट्टीत असा राजाज्ञा होऊन पोचला होता.

यावर आक्षेप येईल आणि तो खरा आहे. कलिंगयुद्धाचा पश्चात्ताप सांगणाऱ्या तेराव्या शिलालेखातच अशोकाने अरण्यवासीयांना बजावले आहे की राजा पस्तावला असला तरी त्याचे बळ कायम आहे, तेव्हा वेळीच सुधारा. गडचिरोलीच्या वाचकाला हा सूर जुना वाटणार नाही. शिवाय १७५१ मध्ये चांद्याचे, म्हणजे चंद्रपूरचे, गोंड राज्य भोसल्यांकडे गेले आणि १८५८ मध्ये उठाव करणाऱ्या बाबूराव शेडमाके यांना इंग्रजांनी इथेच फाशी दिली. ज्यांनी एवढे गमावले, त्यांना तो शार्दूल प्रतिकाराची खूण वाटला तर नवल नाही. तरीही आमचे मत बदलत नाही. मुद्रा अशोकाच्या निर्दोषपणाचा दाखला थोडीच आहे? ती प्रजासत्ताकाने स्वतःहून दिलेली हमी आहे आणि हमी आहे म्हणूनच ती मोडल्याचा जाब विचारता येतो. २००६ च्या वनहक्क कायद्याने वनवासीयांवरच्या ऐतिहासिक अन्यायाची कबुली दिली. २००९ मध्ये गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाच्या ग्रामसभेला सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. तेव्हा जंगलातला माणूस पट्टीवरच्या त्या रांगेत आला. २०२१ पासून छत्तीसगडातून रानहत्तीही गडचिरोलीत आले आहेत आणि उभे धान तुडवले जाते आहे. हत्तीला जंगलात जागा द्या, धान गेलेल्या शेतकऱ्याला वेळेत भरपाई द्या, अशा दोन्ही मागण्या एकाच अर्जात, त्याच मुद्रेच्या आधारे करता येतात. ग्रामसभांनी त्या कराव्यात.