जोगचा नळ कुणाच्या हातात?

सामान्यज्ञानाच्या वहीत 'भारतातला सर्वांत उंच धबधबा – गिरसप्पा' असं लिहिलंय का? मग ते आधी खोडा बघू! मेघालयातला नोहकालिकाई ३४० मीटरचा आहे, गिरसप्पा २५३ मीटरचा. पण म्हणून नाक मुरडू नका हं. एकावर एक तीन कुतुबमिनार उभे केले, तरी धबधब्याचं डोकं वरच राहील!

कर्नाटकात, शिमोगा जिल्ह्याच्या सीमेवर शरावती नदी सह्याद्रीच्या कड्यावरून चार धारांनी खाली झेपावते. 'राजा' थेट दरीत उडी घेतो. 'रोअरर' नावाप्रमाणेच गर्जत येतो, 'रॉकेट' फवारे उडवतो आणि 'राणी' मात्र खडकावरून अलगद उतरते. तिथले लोक याला 'जोग' म्हणतात. गिरसप्पा हे नाव आलं खालच्या खोऱ्यातल्या गेरसोप्पे गावावरून. सोळाव्या शतकात तिथे चेन्नभैरादेवी नावाची राणी राज्य करायची. तिच्या मुलखातल्या मिऱ्यांवर पोर्तुगीजांचा डोळा! ते तिला 'मिरीची राणी'च म्हणत.

आता गंमत ऐका. मे महिन्यात तिथे गेलात तर कड्यावरून जेमतेम चार दोऱ्या लोंबताना दिसतील. मग पाणी जातं कुठे? वर लिंगनमक्कीला १९६४ साली बांधलेलं धरण आहे. पाणी तिथे अडवतात आणि मोठाल्या नळांतून खाली सोडून टर्बाईन फिरवतात. जितकी उंची जास्त, तितका पाण्याला जोर जास्त. म्हणजे ज्या उंचीमुळे धबधबा देखणा, तिच्यामुळेच तो विजेच्याही कामाचा! जोगला वीज तयार व्हायला लागली ती १९४८ पासून. तेव्हाचं हिरेभास्कर धरण तर नव्या धरणाच्या पाण्यातच बुडालं. उन्हाळ्यात पाणी फार आटलं की ते अजूनही डोकं वर काढतं.

धरण बुडालं, तशी माणसांची घरं आणि शेतंही बुडाली. कितीतरी कुटुंबांना गाव सोडावं लागलं. जी मागे राहिली, त्यांची वाट पाण्याने अडवली. सिगंदूरकडच्या लोकांना पलीकडे जायला लाँचची वाट पाहत बसावं लागे. रुग्ण असला तरी तेच! तिथल्या पुलासाठी २०२५ साल उजाडलं. वीज मात्र केव्हाच दूरदूरच्या शहरांत पोचली होती.

जोग बघायचाच असेल, तर ऑगस्ट-सप्टेंबरात जा. धरण भरून दरवाजे उघडले असतील, तर नशीबच. फक्त धुकं आलं की राजा दिसत नाही, नुसता ऐकू येतो.