तुझे खेळातले नाव काय?

'नाव ठेवणे' या शब्दप्रयोगाला आपल्या भाषेत दोन अर्थ आहेत. बाळाचे नाव ठेवतात आणि मोठ्या माणसाला नावे ठेवतात. पहिल्या वेळी आपण पाळण्यात असतो, दुसऱ्या वेळी आपण तिथे हजरच नसतो. म्हणजे दोन्ही वेळी आपले मत कोणी विचारत नाही. स्वतःचे नाव स्वतः ठेवण्याची संधी पूर्वी फार थोड्यांना मिळे. बहुतेक ती कवींच्या वाट्याला येई. कृष्णाजी केशव दामले 'केशवसुत' झाले, राम गणेश गडकरी 'गोविंदाग्रज' झाले, वि. वा. शिरवाडकर 'कुसुमाग्रज' झाले. आता ही संधी दहा-बारा वर्षांच्या कोणत्याही मुलाला मिळते, आणि तीही एक ओळ न लिहिता. मोबाइलवर किंवा संगणकावर खेळ सुरू केला, की पडद्यावर पहिला प्रश्न उमटतो : तुमचे नाव? तिथे शाळेच्या दाखल्यावरचे नाव सहसा कोणी लिहीत नाही.

ही चाल तशी नवी नाही. १९७९ साली अमेरिकेत 'अ‍ॅस्टेरॉइड्स' नावाचे खेळाचे यंत्र आले. नाणे टाकायचे आणि खेळायचे. ज्याचे गुण वरच्या यादीत बसत, त्याला आपली तीन अक्षरे तिथे नोंदवता येत. तीन अक्षरांत माणूस मावत नाही, पण 'मी इथे येऊन गेलो' एवढे सांगायला ती पुरतात. आपल्याकडे गडकिल्ल्यांच्या भिंतींवर बदामात नाव कोरणाऱ्यांची हौस याच जातीची. यंत्राची भिंत निदान खराब होत नाही. फरक एवढाच, की तेव्हा पराक्रम आधी आणि नाव मागून येई. आता नाव आधी घ्यायचे आणि पराक्रम मागून करायचा.

मुले कोणती नावे घेतात, याचे मला कुतूहल होते. गेल्या मे महिन्यात आमच्या सोसायटीतल्या मुलांना मी ते विचारत सुटलो. 'किंग' होते, 'किलर' होते, 'डेव्हिल' तर दोन होते. नावापुढे सातशे सत्याहत्तर किंवा शून्य शून्य एक असे आकडे, कारण साधा 'किंग' जगात आधीच कोणीतरी होऊन बसलेला असतो. सातवीतल्या एका मुलीने मुलाचे नाव घेतले होते. का, म्हणून विचारल्यावर ती सहज म्हणाली, "मुलगी आहे कळलं की खेळू देत नाहीत, नुसतं बोलत बसतात." ते काय बोलतात, हे मी विचारले नाही. तिच्या आईच्या कानावर मात्र घातले.

या यादीत एक नाव वेगळे निघाले. बारावीनंतर प्रवेशपरीक्षेसाठी दुसरे वर्ष घरी बसलेला एक मुलगा आहे. त्याचे नाव 'रिस्पॉन'. खेळात आपला गडी मेला की थोड्या वेळाने तो पुन्हा उभा राहतो, त्याला हा शब्द आहे. मी म्हटले, "असलं कसलं रे नाव?" तो म्हणाला, "काका, लाइफ एक गेमच आहे असं मी धरून चाललोय. सगळे सांगतात की एकच चान्स असतो. मला ते खरं वाटत नाही. म्हणून हे नाव घेतलं."

घरात या वाक्याला काय उत्तर मिळते ते आपल्याला ठाऊक आहे. 'आयुष्य म्हणजे खेळ वाटला का तुला?' हे आपण वडीलधाऱ्यांकडून ऐकले आणि पुढे मुलांनाही ऐकवले. गंमत अशी, की ज्या परंपरेचा आपण एवढा अभिमान बाळगतो, ती याबाबतीत त्या मुलाच्या बाजूने आहे. संसाराला लीला म्हणणारे आपणच. फुगडी, हमामा, चेंडूफळी या खेळांवर आपल्या संतांनी रचना केल्या, आणि परमार्थ सांगायला त्यांना हे खेळ कमी प्रतीचे वाटले नाहीत. सापशिडीचे मूळ आपण ज्या मोक्षपटात पाहतो, त्यात तर घरे म्हणजे सद्गुण आणि दुर्गुण. डच इतिहासकार योहान हाउझिंगा याने १९३८ साली 'होमो लुडेन्स' हे पुस्तक लिहून संस्कृतीच्या मुळाशी खेळ आहे असे मांडले. तेव्हा आयुष्याला खेळ म्हणणे हा थिल्लरपणा नव्हे. प्रश्न एवढाच उरतो, की कोणता खेळ?

कबड्डीचे उदाहरण घेऊ. हा खेळ आपल्या मातीतला, आणि त्याचे जुने तीन प्रकार आहेत. 'गामिनी'त बाद झालेला गडी बाहेर जातो आणि संघातले सगळे बाद होईपर्यंत बाहेरच बसतो. 'अमर'मध्ये गडी बाद झाला तरी मैदान सोडत नाही, समोरच्या बाजूला गुण तेवढा मिळतो. तिसरा प्रकार 'संजीवनी'. यात आपल्या संघाने समोरचा गडी बाद केला, की आपला बाहेर बसलेला गडी उठून आत येतो. आज आपण जी कबड्डी पाहतो, ती याच तत्त्वावर चालते.

आपल्या मुलांपुढे आपण जे आयुष्य मांडतो, ते बहुतेक वेळा गामिनीचे असते. एकदा बाद झालास की बस बाहेर. दहावीचा टक्का, बारावीचा टक्का, प्रवेशपरीक्षेचा क्रमांक, पहिली नोकरी; प्रत्येक ठिकाणी एकेक रेघ आखलेली. मुले मात्र आयुष्य अमरच्या नियमाने चालेल अशी आशा करतात, म्हणजे कितीही वेळा बाद झालो तरी आपले काही जाणार नाही. दोन्ही बाजू चुकतात. वर्षे जातात, पैसा जातो, उमेद खचते. तरीही बाद झालेली माणसे पुन्हा आत येतात, हे आपण आजूबाजूला रोज पाहतो. ती आत येतात कशी? कोणीतरी आतला भिडू रेघेपलीकडे जाऊन, दम धरून, गडी मारून येतो म्हणून. धंदा बुडालेल्या भावाला बहीण उठवते. नापास झालेल्याला एखादा शिक्षक उठवतो. आयुष्य हा खेळ असेल, तर तो संजीवनीचा आहे.

हे मी 'रिस्पॉन'ला सांगितले. त्याने माझ्याकडे जरा दयेने पाहिले. "आमच्यातही असतं ते, काका. भिडू पडला की त्याच्याजवळ जाऊन त्याला उठवावं लागतं. तेवढा वेळ आपल्यावर गोळ्या येत असतात." मी गप्प झालो. जे मी कबड्डीतून शिकलो, ते तो मोबाइलवर शिकला होता. तो खेळतो किती वेळ, याबद्दल त्याच्या आईवडिलांची तक्रार रास्त आहे. पण तो खेळतो काय, हे त्यांनी एकदा शेजारी बसून पाहायला हवे.

आता नावाकडे वळतो. घेतलेल्या नावाविरुद्ध नेहमीचा आक्षेप असा, की तो मुखवटा आहे. आहेच. मुखवट्याआडून शिवीगाळ होते, मुलींना त्रास होतो, लहान मुलांना गोड बोलून फसवले जाते. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांनी घरे धुळीला मिळवली, म्हणून ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेला त्यांवर बंदी घालणारा कायदा करावा लागला. हे सारे मान्य. पण मुखवट्याची दुसरी बाजूही पाहावी. आपल्याकडे नाव सांगितले की लगेच 'आडनाव?' असा प्रश्न येतो, आणि आडनाव कळले की जात, गाव, घराणे, सगळा हिशेब मनातल्या मनात मांडून होतो. खेळातल्या नावाला आडनाव नसते. तिथे तुमचा हात किती चालतो आणि भिडूला तुम्ही सोडून पळता की नाही, एवढेच पाहतात. जन्माने चिकटलेले काही थोडा वेळ उतरवून ठेवावे, असे ज्यांना वाटते, त्यांच्यासाठी ही मोठी मोकळीक आहे.

महाभारतातही याचा दाखला आहे. द्यूतात राज्य हरलेला युधिष्ठिर अज्ञातवासात विराटाच्या दरबारी गेला तो 'कंक' हे नाव घेऊन, आणि तेही राजाबरोबर फासे खेळणारा म्हणून. ज्या खेळाने सर्वस्व नेले, त्याच खेळाच्या आधाराने त्याने ते वर्ष काढले. शिवाय पांडवांनी आपसात वापरायला आणखी पाच गुप्त नावे घेतली होती : जय, जयंत, विजय, जयत्सेन, जयद्बल. सगळे काही गमावलेल्या पाच जणांनी घेतलेली ही नावे. त्यांतले एकही शत्रूला घाबरवण्यासाठी नव्हते. ती स्वतःला धीर देण्यासाठी होती.

आणि एक उदाहरण अगदी आपल्या काळातले. नॉर्वेतला मॅट्स स्टीन हा तरुण स्नायू झिजत जाणाऱ्या आनुवंशिक आजाराने २०१४ साली, वयाच्या २५ व्या वर्षी गेला. शेवटची अनेक वर्षे तो चाकांच्या खुर्चीत होता. दिवसाचे कित्येक तास तो 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' हा खेळ खेळे. पोराला मित्र नाहीत, प्रेम ठाऊक नाही, ही त्याच्या आईवडिलांची व्यथा होती. तो गेल्याचे त्यांनी कळवले आणि अनोळखी माणसांची पत्रे येऊ लागली. ही माणसे त्याला 'इबेलिन' या नावाने ओळखत होती. खेळातल्या त्या नावाने त्याने कोणाला एकटेपणातून बाहेर काढले होते, कोणाचे घरातले तुटलेले बोलणे जोडून दिले होते. त्याच्या अंत्यविधीला दुसऱ्या देशांतूनही त्याचे सवंगडी आले. २०२४ मध्ये त्याच्या आयुष्यावरचा माहितीपट जगभर पाहिला गेला. तो पाहताना मला राहून राहून एकच गोष्ट टोचत होती. त्या प्रेमळ आईवडिलांना आपल्या मुलाचे खरे कर्तृत्व तो गेल्यावर कळले, आणि तेही परक्यांकडून.

म्हणून मला वाटते, खेळातले नाव ही क्षुल्लक गोष्ट नाही. आईवडिलांनी ठेवलेल्या नावात त्यांची आशा असते. स्वतः घेतलेल्या नावात आपली असते. सुरुवातीची तीन कविनामे पुन्हा पाहा. केशवसुत म्हणजे केशवाचा मुलगा, गोविंदाग्रज म्हणजे गोविंदाचा मोठा भाऊ, कुसुमाग्रज म्हणजे कुसुमचा मोठा भाऊ. शब्दांच्या खेळात उतरताना या मोठ्या माणसांनी 'राजा' किंवा 'काळ' अशी नावे घेतली नाहीत. आपण कोणाचे कोण आहोत, एवढेच सांगितले. 'किलर' हे नाव मला खटकते ते याचमुळे. त्यात बाकीच्यांना उरायला जागाच नाही.

मुलांनी आग्रह केला म्हणून मीही त्यांच्याबरोबर मोबाइलवर कॅरम खेळतो. नाव घ्यायची वेळ आली तेव्हा मी 'कच्चा लिंबू' घेतले. मुले हसली, पण त्यांना ते समजावून सांगावे लागले नाही. लहान भावंडाला खेळात तर घ्यायचे, पण त्याच्यावर राज्य येऊ द्यायचे नाही, ही आपल्या अंगणातली फार सुंदर रीत आहे. लहानपणी मोठ्यांनी मला कच्चा लिंबू म्हणून खेळात घेतले होते, आता साठीनंतर लहान मुले घेत आहेत. जगात जिंकणाऱ्यांची सोय सगळेच करतात. ज्याला अजून खेळता येत नाही किंवा आता खेळता येत नाही, त्याचीही सोय जिथे आहे, तो खेळ मला आयुष्यासारखा वाटतो.

आज रविवार आहे. मुले घरी असतील, आणि बहुधा हातात मोबाइल असेल. 'ठेव तो आधी' हे म्हणायचेच आहे, ते जरूर म्हणा. पण त्याआधी शेजारी बसून एकदा विचारा : तुझे खेळातले नाव काय, आणि ते का घेतलेस? उत्तर एका वाक्यात येईल, कदाचित खांदे उडवून येईल. तरी ऐकून घ्या. पाळण्यात आपण त्यांच्या कानात एक नाव सांगितले होते. आता त्यांनी आपल्याला एक सांगायची पाळी आहे.