नायक हरवल्याची तक्रार

अब्दुल रहमान मुनीफ यांची ‘मिठाची शहरे’ ही पाच खंडांची अरबी कादंबरी म्हणजे तेलाच्या अर्थशास्त्रज्ञाने गोष्टीचा अंगरखा घालून सादर केलेला अहवाल, असा निवाडा एका विद्वानांनी आपल्या लेखात दिला आहे. तिला नायक नाही, पुनरुक्ती फार, आणि लेखकाला सौदी राजवटीवर सूड उगवायचा होता. झाले, मुनीफ निकालात!

नायकाचे आधी बघू, कारण या मुद्द्यावर विद्वान फारच हळवे झाले आहेत. पहिल्या खंडात वादी अल-उयूनच्या हिरवळीत मुतइब अल-हझाल आहे. तेलासाठी अमेरिकन आलेले पाहून संकट ओळखणारा तोच. यंत्रे झाडे उपटतात आणि तो सांडणीवर बसून निघून जातो. विद्वानांच्या मते तो लेखकाच्या हातून निसटला. अहो, पायाखालची जमीनच गेल्यावर त्याने काय व्याख्यान द्यायचे होते? पुढे तो लोकांच्या बोलण्यात उरतो, कुणाकुणाला दिसल्याचा भास होतो. तोवर गोष्ट किनाऱ्यावरच्या हर्रानला पोचलेली असते. तिथे अमेरिकनांचे हर्रान वेगळे, अरबांचे वेगळे. शेवटी कामगारांचा संप होतो, तोही कुणा एकट्या वीराचा नव्हे. गाव उठते, शहर बसते, माणसे मजूर होतात. हे एकाच्या चरित्रात कसे मावणार? पण विद्वानांना प्रत्येक वाळवंटात एक देखणा, अंतर्मुख, जमल्यास प्रेमभंग झालेला तरुण हवा!

कलेसाठी कला की जीवनासाठी कला, या वादात आपल्याकडे दोन्ही पक्षांना एकमेकांचे संवाद पाठ आहेत. त्या वादातही विषय अडचणीचा वाटला की रचनेत खोट सापडायची; इथेही तेच.

पुनरुक्ती आहे. असू दे.

सूड? 1963 मध्ये सौदीने मुनीफ यांचे नागरिकत्व काढून घेतले, पुढे या कादंबरीवर बंदीही घातली. पण तुरुंगातल्या छळाच्या ‘भूमध्याच्या पूर्वेला’ (1975) या कादंबरीत त्यांनी देशाचे नावच घेतलेले नाही. सूड उगवणारा निदान पत्ता तरी लिहितो.

राहिला अहवाल. बेलग्रेडला त्यांनी तेलाच्या अर्थशास्त्रात डॉक्टरेट केली, बगदादला त्याच विषयाचे नियतकालिक चालवले. विषय ठाऊक असणे हा कादंबरीकाराचा गुन्हा कधीपासून झाला?

आणि ‘शेवट’ (1977)? दुष्काळी गाव, अस्साफ नावाचा शिकारी, शहरी पाहुण्यांना शिकारीला नेताना वाळूच्या वादळात त्याचा मृत्यू. प्रेताभोवती गाव रात्रभर प्राण्यांच्या गोष्टी सांगत बसते. कादंबरी गोष्टी ऐकत थांबते, हेच मला मुनीफ यांचे बळ वाटते. तेल इथे नाही. विद्वानांच्या लेखात ही कादंबरीही नाही.