विश्लेषण : अशोक सराफ यांच्या विनोदाला मान मिळायला इतका उशीर का?

खराडीत आयटी पार्कजवळ भाड्याने खोली शोधणाऱ्या ‘बॅचलर’ मुलांना धनंजय माने कोण, हे सांगावे लागत नाही. ‘अशी ही बनवाबनवी’ (1988) ही पुण्यातल्या भाड्याच्या घराचीच गोष्ट. तिचे रील्स आजही फिरतात. पण माने साकारणाऱ्या अशोक सराफ यांना पद्मश्री जाहीर झाली ती 2025 मध्ये, वयाच्या 77 व्या वर्षी.

कारकीर्द किती मोठी?
स्टेट बँकेतील नोकरी सांभाळून त्यांनी नाटके केली. ‘पांडू हवालदार’ने (1975) ते घराघरांत पोहोचले. 1995 मध्ये ‘हम पांच’ मालिका आणि ‘करण अर्जुन’मधील मुनशीने हिंदी प्रेक्षकही मिळवून दिला. 2024 मध्ये ते ‘अशोक मा. मा.’ मालिकेतून पुन्हा छोट्या पडद्यावर आले.

मग उशीर का?
विनोद म्हणजे हलकेफुलके काम, हा आपला जुना समज. ‘बनवाबनवी’त साडी नेसून धमाल उडवतात लक्ष्मीकांत बेर्डे आणि सचिन पिळगावकर, सराफ मात्र साळसूद चेहऱ्याने थाप निभावून नेतात. सहकलाकाराला हशा मिळावा म्हणून नेमके थांबणे, हाही कसदार अभिनयच.

काय बदलायला हवे?
पुरस्कारांत विनोदी कलाकारासाठी वेगळा कप्पा करून भागणार नाही. सर्वोत्कृष्ट अभिनेत्याच्या शर्यतीत त्याला बरोबरीने उतरवायला हवे. रडवणाऱ्याला आपण लगेच ‘नटश्रेष्ठ’ म्हणतो. पन्नास वर्षे हसवणाऱ्याला इतके थांबवायला नको होते.