मजीदींचे मजूर आणि आपली मुले

माजिद मजीदी हे नाव आपल्या समाजात दोन कारणांनी पोहोचले. एक, १९९७चा 'चिल्ड्रन ऑफ हेवन'. दुसरे, २०१५चा 'मुहम्मद : द मेसेंजर ऑफ गॉड' आणि त्यावरून मुंबईच्या रझा अकादमीने दिग्दर्शकासह संगीतकार ए. आर. रहमान यांच्याविरुद्ध काढलेला फतवा. प्रेषितांच्या चित्रणाचा प्रश्न अनेकांना मनापासून बोचतो, हे मी समजू शकतो. पण मोहल्ल्यात मजीदींविषयी जी काही चर्चा झाली ती तेवढीच. ज्या सिनेमांत आपलेच घर दिसते, ते बाजूला राहिले.

मजीदी गरिबी गोड करून दाखवतात, असा आक्षेप समीक्षक घेतात. मला तो अर्धाच पटतो. 'चिल्ड्रन ऑफ हेवन'मधला बाप मशिदीसाठी साखरेचे खडे फोडत बसलेला असतो. समोर साखरेचा ढीग, पण स्वतःच्या चहासाठी त्यातला एक खडाही तो घेत नाही. ती अमानत आहे. हे सांगायला मजीदी पार्श्वसंगीत वाढवत नाहीत की बापाला भाषण देत नाहीत. पुढे तोच बाप सायकलवर मुलाला घेऊन श्रीमंतांच्या बंगल्यांवर बागकामासाठी जातो आणि बेलच्या खोक्यातून आवाज आला की त्याची बोबडी वळते. यात गोड काय आहे?

वर्गात हा सिनेमा दाखवला की मुले सबटायटल वाचायचे सोडून ऐकू लागतात. फारसी नाव 'बच्चेहा-ये आसमान'; उर्दू शिकणाऱ्या मुलाला त्याचे भाषांतर लागत नाही. 'बारान' म्हणजे पाऊस, 'खुर्शीद' म्हणजे सूर्य. हा फायदा आपल्या शाळांना आयता मिळालेला आहे आणि आपण तो वापरत नाही.

चाकणच्या माणसाने मात्र आधी २००१चा 'बारान' पाहावा. तेहरानमध्ये इमारतीचे बांधकाम चालू आहे, त्यावर अफगाण निर्वासित चोरून मजुरी करतात. एक जण वरून पडून जायबंदी होतो. त्याच्या जागी मुलगा येतो, जो खरे तर मुलाच्या वेशातली मुलगी आहे. तपासनीस आले की अफगाण मजुरांना लपवतात. त्यांना मजुरी कमी, कारण ते तक्रार कुठे करणार? आपल्या एमआयडीसीभोवती, नाणेकरवाडी, खराबवाडी, कुरुळीतल्या भाड्याच्या खोल्यांत बिहार, उत्तर प्रदेश, मराठवाड्यातून आलेली माणसे राहतात. ती निर्वासित नाहीत, भारताचे नागरिक आहेत. तरी कंत्राटदाराच्या माणसासमोर त्यांचा आवाज तसाच खाली जातो. सिनेमातला लतीफ त्या मुलीच्या घरासाठी स्वतःचे ओळखपत्र विकतो. कागदाची किंमत काय असते, हे आपल्या लोकांना वेगळे सांगायला नको.

मजीदी मुंबईत आले आणि त्यांनी 'बियाँड द क्लाउड्स' केला, तिथे मात्र तो आक्षेप खरा ठरतो. (आपल्याकडे तो २०१८मध्ये प्रदर्शित झाला.) उड्डाणपूल, धोबीघाट, तुरुंग, अमली पदार्थ, सगळे परक्याने पाहिलेले. इशान खट्टरने जीव ओतला आहे, पण संवाद ऐकताना ही भाषा दिग्दर्शकाच्या कानातली नाही हे जाणवते. त्यात खरे उतरले आहे ते एवढेच : दुष्मनाच्या तमिळ बोलणाऱ्या आई-मुलींना आमिर घरात घेतो, भाषा जुळत नाही, आणि राग हळूहळू निवळत जातो. तिथे शब्द नकोतच, म्हणून तिथे मजीदी पुन्हा सापडतात.

२०२०च्या 'सन चिल्ड्रन'वर तर शिक्षकांच्या बैठकीत बोलले पाहिजे. रस्त्यावर काम करणारी मुले खजिन्याच्या शोधात शाळेत नाव घालतात, कारण भुयार शाळेखालून जाते. शाळेचे भाडे थकलेले आहे. मालक फाटकाला कुलूप लावतो आणि शिक्षक मुलांना भिंतीवरून आत चढवतो. आमच्याकडे भिंत चढावी लागत नाही, फाटक उघडेच असते. तरी आठवी-नववीतला मुलगा एखाद्या सोमवारी येत नाही. चौकशी केली तर कळते, भाऊ ज्या वर्कशॉपमध्ये आहे तिथेच लागला. पालकांना विचारले की एकच उत्तर मिळते : "सर, दहावी करून तरी तिथेच लागणार ना?" या प्रश्नाला माझ्याकडे बीएडच्या पुस्तकातले उत्तर आहे, पण ते ऐकून कुणी मुलाला परत पाठवल्याचे मला आठवत नाही. म्हणून पुढच्या पालकसभेत भाषणाऐवजी हा सिनेमा लावावा, असे मी शाळेत सुचवले आहे.